दिसतंय ते सांगायचं कशाला?
(दूरचित्रवाणीवरील फुटबॉल समालोचनाच्या पहिल्या पर्वाकडे वळणाऱ्यांसाठी प्रस्तावना)

आमच्या घरी क्रिकेटचा सामना पाहायची एक ठरलेली रीत होती. टीव्हीचा आवाज पूर्ण बंद करायचा आणि शेजारच्या स्टुलावर ठेवलेला रेडिओ मोठ्याने लावायचा. चित्र दूरदर्शनचे, शब्द आकाशवाणीचे. हे असे का, असे विचारले की काका म्हणायचे, ‘‘टीव्हीवरचा माणूस मला जे दिसतंय तेच सांगतो. त्याला कशाला ऐकायचं?’’ अनेक मराठी घरांत ही रीत होती, त्यामुळे वाचकांपैकी काहींना आपलेही स्टूल आणि आपलाही रेडिओ आठवेल.

काकांनी वैतागून विचारलेला हा प्रश्न बीबीसीची माणसे १९३० च्या दशकापासून पगार घेऊन सोडवत होती. प्रेक्षकाला चित्र दिसते आहे, तर मग बोलायचे काय? किती? आणि कधी? या तीन प्रश्नांची उत्तरे ज्यांनी चुकतमाकत शोधली, त्यांच्या कामाचा अभ्यास म्हणजे आपला हा विषय. वरवर पाहता तो किरकोळ वाटतो. खेळ झाला, गोल झाला, कोणीतरी ओरडले; त्यात अभ्यासण्यासारखे काय, असे कोणी म्हणाले तर मी वाद घालणार नाही. फक्त एवढेच सुचवीन की, अर्धा तास द्या आणि माझ्याबरोबर एका माणसाच्या कारकिर्दीवरून नजर फिरवा. केनेथ वोल्स्टेनहोम हे त्याचे नाव. इंग्लंडमध्ये व्यावसायिक फुटबॉल दूरचित्रवाणीवर रांगायला लागला तेव्हापासून तो ताठ उभा राहीपर्यंत बीबीसीचा मुख्य आवाज त्याचाच होता.

त्याच्यापर्यंत जाण्याआधी रेडिओकडे थोडे मागे वळावे लागेल. जानेवारी १९२७ मध्ये बीबीसीने पहिल्यांदा सामन्याचे थेट वर्णन ऐकवले. सुरुवात ट्विकनहॅमवरच्या रग्बी सामन्याने झाली आणि आठवड्याभरातच, २२ जानेवारीला, हायबरी मैदानावरून आर्सेनल विरुद्ध शेफील्ड युनायटेड हा फुटबॉल सामना ऐकवला गेला. बोलणारा होता टेडी वेकलम. असे काम आधी कोणी केलेले नसल्यामुळे त्याच्यापुढे नमुना नव्हता. तेव्हा निर्माता लान्स सिव्हकिंग याने रग्बीच्या वेळी एक युक्ती केली. त्याने एका अंध गृहस्थांना वेकलमसमोर बसवले आणि सांगितले, यांना समजेल असे बोल. समालोचनाच्या शिक्षणाचा याहून चांगला पहिला धडा मला माहीत नाही. श्रोत्यांच्या सोयीसाठी ‘रेडिओ टाइम्स’ने मैदानाचे आठ चौकोनांत विभागलेले चित्रही छापले होते. वेकलम खेळ सांगायचा आणि मागून दुसरा आवाज चौकोनाचा आकडा पुकारायचा. घरी बसलेला माणूस त्या कागदावर बोट ठेवून चेंडूच्या मागे फिरायचा. (‘बॅक टू स्क्वेअर वन’ हा इंग्रजी वाक्प्रचार याच चौकोनांतून आला, असे हौसेने सांगितले जाते. वाचकांनी ते ऐकावे आणि सोडून द्यावे. त्याला भक्कम पुरावा नाही.)

मुंबईकरांना हे फार परके वाटायला नको. १९३४ च्या चौरंगी क्रिकेट स्पर्धेपासून बॉबी तल्यारखान यांचा आवाज मुंबईच्या रेडिओवरून घुमू लागला. ते दिवसभर एकटेच बोलत आणि मायक्रोफोन दुसऱ्याबरोबर वाटून घेणे त्यांना मान्य नसे. पुढे बाळ ज. पंडितांनी क्रिकेट मराठीत बोलते केले. रेडिओवरच्या या सगळ्यांचे काम एका अर्थाने अवघड आणि एका अर्थाने सोपे होते. अवघड अशासाठी, की सगळे शब्दांनीच उभे करायचे. सोपे अशासाठी, की बोललेले वाया जात नसे. श्रोत्याकडे दुसरे काहीच नव्हते.

दूरचित्रवाणीने हा हिशेब उलटा केला. १६ सप्टेंबर १९३७ रोजी बीबीसीने हायबरीवरूनच फुटबॉलचे पहिले थेट चित्र दाखवले. सामना आर्सेनलचा, आणि प्रतिस्पर्धी कोण, तर आर्सेनलचाच राखीव संघ. अलेक्झांड्रा पॅलेसमधले प्रक्षेपण केंद्र तिथून जवळ होते, हे मैदान निवडण्याचे साधे कारण. पुढच्या वर्षी एफए कपचा अंतिम सामना प्रथमच पूर्ण दाखवला गेला. प्रेस्टन आणि हडर्सफील्ड यांच्यातला तो सामना जादा वेळेतही गोलशून्य रेंगाळत होता. समालोचक टॉमी वुडरूफ शेवटी म्हणून गेला, की आता गोल झाला तर मी माझी टोपी खाईन. लगेच प्रेस्टनला पेनल्टी मिळाली आणि जॉर्ज मचने ती गोलात घातली. वुडरूफने पुढे टोपीच्या आकाराचा गोड पदार्थ खाऊन शब्द पाळला म्हणतात. यात हसण्यासारखे आहेच, पण शिकण्यासारखेही आहे. चित्र समोर असताना बोलणाऱ्याने भविष्य सांगू नये. चित्र त्याला लगेच खोटे पाडते.

मग युद्ध आले, प्रक्षेपण बंद पडले आणि आपला नायक विमानात बसला. वोल्स्टेनहोमचा जन्म १९२० चा, लँकेशरमधल्या वर्स्लीचा. मँचेस्टरमध्ये पत्रकारिता सुरू केली न केली तोच तो हवाई दलात दाखल झाला आणि बॉम्बफेकी विमाने चालवू लागला. पुढे तो ‘पाथफाइंडर’ तुकडीत गेला. मागून येणाऱ्या विमानांसाठी लक्ष्यावर प्रकाशाच्या खुणा टाकायचे या तुकडीचे काम. जवळपास शंभर मोहिमा त्याने केल्या आणि ‘डिस्टिंग्विश्ड फ्लाइंग क्रॉस’ हे शौर्यपदक दोनदा मिळवले. त्याचे समालोचन ऐकताना हे डोक्यात ठेवावे असे माझे मत आहे. आवाजात घाई नाही, आणि संकटातही स्वर फारसा वर चढत नाही. वैमानिकाच्या सवयी त्यात उतरल्या का, हे सिद्ध करता येणार नाही. ऐकताना मात्र तसे वाटत राहते.

१९४० च्या दशकाच्या अखेरीस तो बीबीसीत आला तेव्हा समालोचकाच्या हाती काय होते, ते वाचकांनी नीट डोळ्यांसमोर आणावे. पडदा काळा-पांढरा. कॅमेरे मोजके, तेही मैदानापासून लांब. रीप्ले नाही. पाठीवर आकडा असे, नाव नसे. इंग्लंडमध्ये ती नावे १९९० च्या दशकात आली. पावसाळी शनिवारी अर्ध्या तासात आकडेही चिखलाने झाकले जात. मग समालोचक खेळाडूला ओळखायचा तो चालीवरून, खांद्याच्या ठेवणीवरून, मोजे खाली घसरलेले आहेत की वर ओढलेले आहेत त्यावरून. बीबीसीचे समालोचक वापरत तो मायक्रोफोनही पाहण्यासारखा असतो. त्याची वरची पट्टी थेट ओठाला टेकवून बोलायचे, म्हणजे गर्दीचा कल्लोळ आत शिरत नाही आणि आवाज स्वच्छ जातो. दीड-दोन तास तो तोंडाशी धरायचा, डोळे मैदानावर, मधूनच समोरच्या छोट्या पडद्यावर. प्रेक्षकाला काय दिसते आहे ते त्या पडद्यावरून कळायचे. 

पहिली मोठी कसोटी आली २ मे १९५३ रोजी. महिन्याभराने राणीचा राज्याभिषेक होता, त्यासाठी घरोघरी नवे टीव्ही संच आले होते, आणि एफए कपचा अंतिम सामना सुमारे एक कोटी लोकांनी पाहिल्याचा अंदाज आहे. बोल्टन ३-१ ने पुढे. अडतीस वर्षांचा स्टॅनली मॅथ्यूज ब्लॅकपूलच्या उजव्या बगलेवर उभा, आणि या चषकाच्या विजेत्याचे पदक त्याला अजून मिळालेले नाही, हे सगळ्या देशाला माहीत. शेवटच्या वीसेक मिनिटांत ब्लॅकपूलने तीन गोल मारले आणि सामना ४-३ ने जिंकला. हॅटट्रिक स्टॅन मॉर्टेन्सनची, निर्णायक गोल बिल पेरीचा, तरीही सामना इतिहासात ‘मॅथ्यूजचा’ म्हणून नोंदला गेला. वोल्स्टेनहोमच्या आवाजात तो ऐकावा. प्रेक्षकाच्या मनात आधीच एक गोष्ट सुरू आहे, याचे त्याला भान होते. ती गोष्ट ओरडून सांगायची गरज नव्हती. चेंडू मॅथ्यूजकडे गेला की नाव नीट उच्चारले, तरी काम भागत होते.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये हंगेरीने वेम्ब्लीवर इंग्लंडला ६-३ असे झोपवले, तेव्हाही मायक्रोफोनवर तोच होता. आपला संघ आपल्याच अंगणात आपल्यासमोर मोडतो आहे आणि तरी हंगेरीच्या पुश्काशच्या चेंडूवरच्या हुकमतीला दाद द्यायची आहे! हे ध्वनिमुद्रण मला राष्ट्रीय समालोचनाचा सगळ्यात सभ्य नमुना वाटते. आजच्या काही आवाजांशी तुलना करायचा मोह आवरतो.

वाचकांना इथे एक आश्चर्य वाटेल. एवढा लोकप्रिय खेळ, पण लीगचे सामने थेट दाखवायला फुटबॉल लीग तयारच नव्हती. घरी दिसू लागले तर मैदानात कोण येईल, ही भीती. सप्टेंबर १९६० मध्ये आयटीव्ही या दुसऱ्या वाहिनीने ब्लॅकपूल विरुद्ध बोल्टन सामना थेट दाखवून पाहिला. प्रयोग तिथेच थांबला आणि लीगचे थेट प्रक्षेपण नियमित व्हायला १९८३ उजाडावे लागले. त्यामुळे या कालखंडातला बराचसा लीग फुटबॉल तुकड्यांत, संध्याकाळी, कापून जोडलेला असा घरी पोचला. त्यातूनच २२ ऑगस्ट १९६४ रोजी ‘मॅच ऑफ द डे’ जन्मला. पहिला सामना अॅनफील्डवरचा, लिव्हरपूल ३, आर्सेनल २. कोणता सामना दाखवणार हे आधी जाहीर करायचे नाही, अशी अट होती. कार्यक्रम बीबीसी टू या नव्या वाहिनीवर होता आणि ती तेव्हा लंडन परिसरापुरतीच दिसे. पाहणारे सुमारे वीस हजार, म्हणजे त्या दिवशी प्रत्यक्ष मैदानात असलेल्यांच्या निम्म्याहूनही कमी. वोल्स्टेनहोमने स्वागत करताना लिव्हरपूलला बीटल्सचे गाव म्हटले. चार शब्दांत त्याने सांगून टाकले, की फुटबॉल आता गाण्यांच्या आणि केशभूषेच्या जगात आला आहे.

आता ३० जुलै १९६६. या दिवशी थोडे रेंगाळू.

वेम्ब्ली, विश्वचषकाचा अंतिम सामना, इंग्लंड विरुद्ध पश्चिम जर्मनी. ब्रिटनमध्ये तीन कोटींहून अधिक लोक टीव्हीसमोर. बीबीसीच्या खोलीत वोल्स्टेनहोम, शेजारी आर्सेनलचा माजी बचावपटू वॉली बार्न्स. निर्धारित वेळ संपता संपता जर्मनीच्या वेबरने बरोबरी साधली, २-२. जादा वेळेत इंग्लंडच्या जेफ हर्स्टचा फटका आडव्या खांबाला लागून खाली आपटला आणि बाहेर आला. गोल की नाही? स्विस पंच गॉटफ्रीड डीन्स्ट रेषापंचाकडे गेला. रेषापंच तोफिक बहरामोव्ह, सोव्हिएत संघातल्या अझरबैजानचा. (बाकूच्या स्टेडियमला पुढे त्याचे नाव दिले गेले.) वाचकांनी ही काही सेकंदे पुन्हा पुन्हा ऐकावीत. वोल्स्टेनहोम निकाल देत नाही. तो पंचांबरोबर थांबतो, चाचपडतो, निर्णय झाल्यावरच गोल म्हणतो. देश गोलासाठी ओरडत असताना, आणि जीव गोलाकडेच ओढत असताना, त्याने दाखवलेला हा संयम त्याच्या त्या सुप्रसिद्ध वाक्याच्या सावलीत हरवला आहे.

ते वाक्य आता घेऊ. १२० वे मिनिट. इंग्लंड ३-२ ने पुढे. बॉबी मूर आपल्या गोलाजवळ चेंडू छातीवर घेतो. कोणताही बचावपटू तो प्रेक्षकांत भिरकावून देईल. हा मान वर करून पाहतो आणि हर्स्टकडे लांब पास देतो. हर्स्ट धावतो आहे. त्याच वेळी शिट्टी झाली अशा समजुतीने काही प्रेक्षक मैदानात शिरले आहेत. वोल्स्टेनहोम म्हणतो, काही लोक मैदानात आलेत. त्यांना वाटतंय, संपलं सगळं. एवढ्यात हर्स्ट डाव्या पायाने चेंडू जाळ्याच्या छताला धडकवतो. वोल्स्टेनहोम पुढचे तीन शब्द उच्चारतो: ‘इट इज नाऊ!’ आता संपलं.

इंग्रजी समालोचनातले हे सर्वांत प्रसिद्ध वाक्य मानले जाते. त्याचे नाव घेऊन पुढे बीबीसीवर एक विनोदी क्रीडा-प्रश्नमंजूषा वर्षानुवर्षे चालली. मात्र ते उलगडून पाहिले तर गंमत कळते. वाक्याचा पहिला भाग चेंडूबद्दल नाहीच. तो मैदानात घुसलेल्या चार-दोन माणसांबद्दल आहे. समालोचकाची नजर क्षणभर खेळावरून ढळली. रेडिओवर हे चालले नसते. श्रोत्याला हर्स्ट हवा होता, तो हरवला असता. टीव्हीवर मात्र हर्स्ट प्रेक्षकाला दिसतच होता. त्याच्याबद्दल बोलायची गरज नव्हती म्हणूनच बाजूची गोष्ट सांगायला जागा मिळाली. आणि मग गोल झाल्यावर त्याने ‘गोल’ हा शब्द न उच्चारता आधीचेच वाक्य पुरे केले. त्याच क्षणी आयटीव्हीवर ह्यू जॉन्स हर्स्टचा तिसरा गोल होतो का हे पाहत होता आणि झाल्यावर आनंदला. त्याने खेळाडूचा हिशेब ठेवला. तोही चोख. फक्त त्याचे शब्द त्या चित्राशिवाय जगले नाहीत. काकांच्या प्रश्नाचे उत्तर मला या दोन ध्वनिमुद्रणांमधल्या फरकात सापडते.

पाठोपाठ मूरने चषक उचलला तेव्हा वोल्स्टेनहोमने सांगितले, की हा अवघा बारा इंच उंचीचा आहे, भरीव सोन्याचा आहे, आणि याचा अर्थ इंग्लंड जगज्जेते आहे. ज्यूल रिमे चषक प्रत्यक्षात सुमारे ३५ सेंटिमीटर उंच होता आणि सोन्याचा मुलामा दिलेल्या चांदीचा होता. म्हणजे उंची चुकली, धातू चुकला. तिसरा भाग बरोबर होता आणि लोकांनी तेवढाच लक्षात ठेवला. नवख्या अभ्यासकाला चुका शोधायची खुमखुमी असते. शोधाव्यात, नोंदवाव्यात. पण समालोचनाची परीक्षा तपशिलांच्या उत्तरपत्रिकेसारखी घेऊ नये.

एवढे होऊनही पाच वर्षांत त्याचे दिवस फिरले. डेव्हिड कोलमन हा अधिक तडफदार, अधिक आक्रमक आवाज बीबीसीला हवासा झाला आणि १९७१ मध्ये वोल्स्टेनहोम बाहेर पडला. नोव्हेंबर १९६९ पासून ‘मॅच ऑफ द डे’ रंगीत झाला होता. रीप्ले आला, कॅमेरे वाढले, स्टुडिओत तज्ज्ञांची टेबले लागली, आणि बॅरी डेव्हिस, जॉन मॉटसन यांची पिढी आली. ती पिढी उत्तमच होती. एका माणसाने एका मायक्रोफोनवर सामना वाहून नेण्याचा काळ मात्र सरला. वोल्स्टेनहोम पुढे इतर वाहिन्यांवर बोलला आणि २००२ मध्ये वारला.

या विषयात शिरणाऱ्यांनी एक अडचण आधीच ओळखून ठेवावी. पुरावा विखुरलेला आहे आणि पुष्कळदा फसवा आहे. चित्रफितींवर पुन्हा मुद्रण व्हायचे, कित्येक सामने कायमचे गेले. जे उरले त्यातही चित्र आणि आवाज एकमेकांचेच आहेत, अशी खात्री धरू नये. बर्नचे उदाहरण घ्या. ४ जुलै १९५४, पश्चिम जर्मनीने हंगेरीला ३-२ ने हरवून विश्वचषक जिंकला. त्या सामन्याची चित्रे आज पाहताना जो भारावलेला जर्मन आवाज ऐकू येतो, तो हेर्बेर्ट त्सिमरमानचा आहे, आणि तो रेडिओवरचा आहे. त्या दिवशी टीव्हीवर बोललेल्या बर्नहार्ड एर्न्स्टचे समालोचन जपले गेले नाही. म्हणजे सगळ्या जर्मनीने मागाहून तेच केले, जे आमचे काका स्टुलावर रेडिओ ठेवून करत असत.

दुसरी सूचना सोयीची आहे. फुटबॉलचे नियम पाठ नसले तरी चालेल. ऑफसाइड कळत नाही म्हणून या विषयापासून दूर राहिलेली पुष्कळ माणसे मला भेटली आहेत, आणि त्यांतली काही फार बारकाईने ऐकणारी निघाली. संगीताचा, रंगभूमीचा, रेडिओच्या श्रुतिकांचा नाद असेल तर तुमची तयारी अर्धी झालेलीच आहे. विराम कुठे घेतला, नावाच्या कोणत्या अक्षरावर जोर दिला, गर्दीचा आवाज वर चढला तेव्हा हा माणूस त्याच्यावर बोलला की त्याला वाट करून दिली, हे ऐकायला कान लागतो. मराठी वाचकांनी आणखी एक करून पाहावे. एखादा तुकडा मराठीत स्वतः बोलून पाहावा. ‘पास दिला’ म्हणायला जेवढा वेळ लागतो, तेवढ्यात चेंडू तिसऱ्याकडे गेलेला असतो. आपले क्रियापद वाक्याच्या शेवटी येते आणि फुटबॉल तोवर थांबत नाही. क्रिकेटमध्ये दोन चेंडूंच्या मधे श्वास घ्यायला मिळतो. बाळ पंडितांनी तो श्वास सुंदर वापरला. फुटबॉल मराठीत बोलणाऱ्याला वाक्याची वेगळीच घडण शोधावी लागते, आणि ती कशी असावी यावर अजून कोणी नेटाने लिहायला हवे.

सुरुवात कशी करावी, तर १९६६ ची शेवटची दोन मिनिटे घ्या. पहिल्यांदा आवाज पूर्ण बंद ठेवा. मूर छातीवर चेंडू घेतो, मान वर करतो. कोपऱ्यातून कोट घातलेली माणसे धावत येतात, कोणी त्यांना अडवत नाही. हर्स्ट एकटा पुढे निघाला आहे. तुम्ही समालोचक असता तर या क्षणी काय बोलला असता, ते कागदावर लिहून ठेवा. मग चित्र मागे न्या आणि आवाज वाढवा.